डग्लस जार्डिन : एका सॉलिसिटराचें क्रिकेट



१९३३ सालच्या डिसेंबरच्या १५ तारखेस मुंबई जिमखान्याच्या मैदानावर कसोटी सामना सुरू झाला. हिंदुस्थानच्या भूमीवर खेळला गेलेला हा पहिलाच कसोटी सामना. हिंदी संघाचे नायक होते सी. के. नायडू. इंग्लंडच्या संघाचा नायक होता एक उंच, सडपातळ, क्वचितच हंसणारा, तेहतीस वर्षांचा गृहस्थ. त्याच वर्षाच्या आरंभीं ह्या गृहस्थाच्या नांवानें सारा ऑस्ट्रेलिया पेटून उठला होता, आणि दोन देशांच्या क्रिकेट मंडळांमध्यें समुद्रापलीकडून कडक शब्दांच्या तारा गेल्या-आल्या होत्या. मुंबईस तो पाहुणा म्हणून आला होता खरा. परंतु त्याचा जन्म ह्याच मुंबईंतला, मलबार हिलवरचा.

त्याचें नांव डग्लस रॉबर्ट जार्डिन. शिक्षणानें सॉलिसिटर, खेळांत हौशी. नियमाच्या अक्षरास धरून चालणारा माणूस खेळाच्या आत्म्यास कोठवर दुखवूं शकतो, आणि तोच माणूस आपल्या हुकमाचा भार दुसऱ्यावर न ढकलतां स्वतःच्या शिरावर कसा घेऊं शकतो, ह्या दोन्ही गोष्टी त्याच्या एकाच चरित्रांत पाहावयास सांपडतात. म्हणून तें चरित्र थोडक्यांत ऐकण्यासारखें आहे.

जार्डिनचें घराणें स्कॉटिश. बाप माल्कम जार्डिन मुंबईस बॅरिस्टरी करीत असे. पुढें तो मुंबई सरकारचा ॲडव्होकेट जनरल झाला. तरुणपणीं तोहि नामांकित खेळाडू होता. १८९२ सालच्या ऑक्सफर्ड-केंब्रिज सामन्यांत त्यानें १४० धांवा काढल्या होत्या. अशा घरीं २३ ऑक्टोबर १९०० रोजीं डग्लस जन्मास आला. त्या काळीं हिंदुस्थानांत राहणारे इंग्रज आपलीं मुलें लहानपणींच विलायतेस धाडीत. डग्लस नऊ वर्षांचा झाला, तेव्हां त्याचीहि रवानगी स्कॉटलंडांतील सेंट अँड्र्यूज गांवीं मावशीच्या घरीं झाली. आईबाप मुंबईस आणि मुलगा सातासमुद्रांपलीकडे! ज्याचें बालपण असें दोन खंडांत वाटलें जातें, त्याला मनांतलें मनांतच ठेवण्याची संवय लौकर लागते. पुढें जग ज्याला जार्डिनचा ताठा म्हणूं लागलें, त्याचें मूळ कदाचित् येथेंच असेल.

विंचेस्टर येथील जुन्या व नामांकित शाळेंत तो वाढला. १९१९ सालीं तो तेथील क्रिकेट संघाचा नायक होता. त्याच वर्षीं तो ऑक्सफर्डला गेला. १९२१ सालीं वॉरविक आर्मस्ट्राँगच्या बलाढ्य ऑस्ट्रेलियन संघाविरुद्ध खेळतांना त्यानें ९६ धांवा केल्या आणि तो नाबाद राहिला. शतकास चार धांवा कमी असतांनाच सामना संपला. फलंदाजींत त्याचा थाट उभा, बचाव भक्कम, आणि धीर अपार. मोठमोठ्या टोल्यांनीं प्रेक्षकांस रिझविण्याची त्यास हौस नव्हती.

ऑक्सफर्ड सोडल्यावर त्यानें सॉलिसिटरची उमेदवारी पत्करली, आणि १९२६ सालीं तो त्या परीक्षेंत उत्तीर्ण झाला. मुंबईकरांस हा धंदा परका नाहीं. बॅरिस्टर कोर्टांत उभा राहून बोलतो. सॉलिसिटर मागें बसून कागद जमवितो, पुरावा तपासतो, आणि कायद्याच्या चौकटींत आपल्या अशिलास काय करतां येईल व काय करतां येणार नाहीं, ह्याची रेघ आंखून देतो. बाप बोलणारा वकील होता. मुलगा कागद जमविणारा निघाला. कचेरींत त्यानें फार दिवस काढले नाहींत. परंतु तेथें लागलेली बुद्धीची वळणें त्याच्या क्रिकेटमध्यें अखेरपर्यंत दिसत राहिलीं.

येथें त्या काळच्या इंग्लिश क्रिकेटची एक रीत सांगितली पाहिजे. तिच्यावांचून पुढील कथेचा उलगडा होणार नाहीं. त्या काळीं खेळाडूंच्या दोन जाती असत. एक हौशी, म्हणजे खेळाबद्दल वेतन न घेणारे ‘जंटलमेन’. दुसरे धंदेवाईक, म्हणजे खेळावर पोट भरणारे ‘प्लेअर्स’. पुष्कळ मैदानांवर ह्या दोघांच्या खोल्या निराळ्या व मैदानांत उतरण्याचे दरवाजेहि निराळे असत. हुकूम देण्याचा मान हौशी खेळाडूचा. इंग्लंडचा नायक हौशीच असावयाचा, असा प्रघात होता. हा भेद अधिकृत रीतीनें १९६२ च्या अखेरीस निर्णय होऊन नाहींसा झाला. जार्डिन हौशी होता. म्हणून व्यवसायाच्या अडचणीमुळें १९२९ व १९३० ह्या हंगामांत तो क्रिकेटला फारसा वेळ देऊं शकला नाहीं, तरी त्याचें कांहीं बिघडलें नाहीं. धंदेवाईक खेळाडू असा दोन हंगाम बाजूस राहता, तर त्याच्या घरची चूल विझली असती.

तत्पूर्वीं १९२८-२९ च्या हिंवाळ्यांत तो पर्सी चॅपमनच्या संघांतून ऑस्ट्रेलियास जाऊन आला होता. दौऱ्याच्या आरंभीं त्यानें लागोपाठ तीन शतकें काढलीं, आणि ॲडलेडच्या कसोटींत ९८ धांवा केल्या. परंतु ऑक्सफर्डच्या हार्लेक्विन क्लबाची रंगीबेरंगी टोपी घालून, मान ताठ ठेवून फिरणारा हा खेळाडू तेथील मोकळ्या स्वभावाच्या प्रेक्षकांस खटकला. त्यांनीं त्याची टर उडविली. त्यानें ती गिळली, पण तो विसरला नाहीं. पुढच्या दौऱ्यांतील एक गोष्ट आजहि सांगतात. तोंडावर बसणाऱ्या माशा हांकलीत जार्डिन उभा असतां एक प्रेक्षक ओरडला, कीं बाबा, त्या माशांना तरी सोड. ह्या देशांत तुझे दुसरे मित्र कोण आहेत!

१९३० सालीं ऑस्ट्रेलियाचा संघ इंग्लंडांत आला, आणि डॉन ब्रॅडमन नांवाच्या एकवीस वर्षांच्या तरुणानें पांच कसोटी सामन्यांत ९७४ धांवा काढल्या. सरासरी १३९.१४! असा पराक्रम पूर्वीं कोणी पाहिला नव्हता. दोन देशांमधील मानाचें चिन्ह जी ‘ॲशेस’, म्हणजे रक्षा, ती ऑस्ट्रेलियाकडे गेली. ती परत आणण्याचें काम जार्डिनवर आलें. १९३१ सालीं तो इंग्लंडचा नायक झाला. १९३२ च्या जूनमध्यें लॉर्ड्सच्या मैदानावर हिंदी संघ आपला पहिला कसोटी सामना खेळला, तोहि जार्डिनच्याच संघाविरुद्ध. महंमद निसारच्या वेगापुढें इंग्लंडचे तीन गडी १९ धांवांत बाद झाले होते. तेव्हां पाय रोवून उभा राहिला तो जार्डिन. त्यानें पहिल्या डावांत ७९ आणि दुसऱ्यांत नाबाद ८५ धांवा केल्या, आणि इंग्लंडनें सामना १५८ धांवांनीं जिंकला. त्या सामन्यांत हिंदी डावाची सुरुवात करणारे यष्टिरक्षक जनार्दन नवले हे आपल्या फुलगांवचे, हें येथें अभिमानानें सांगावेंसें वाटतें.

ऑस्ट्रेलियास जाण्यापूर्वीं जार्डिननें जी तयारी केली, ती एखाद्या सॉलिसिटरानें मोठ्या दाव्याची करावी तशी होती. १९३० च्या ओव्हल कसोटींत ब्रॅडमननें २३२ धांवा केल्या होत्या; परंतु पाऊस पडून गेल्यावर लारवुडचे उसळणारे चेंडू खेळतांना तो थोडा अस्वस्थ दिसला, असें कांहीं जाणत्यांच्या नजरेस आलें होतें. जार्डिननें हा पुरावा उचलला. १९११-१२ च्या दौऱ्यांत फलंदाजाच्या पायांच्या बाजूस, म्हणजे लेग बाजूस, रोख धरून गोलंदाजी करणारा फ्रँक फॉस्टर, ह्याला भेटून त्यानें क्षेत्ररक्षकांच्या जागांची माहिती घेतली. १९३२ च्या ऑगस्टमध्यें लंडनच्या पिकॅडिली हॉटेलांत नॉटिंगहॅमशायरचा नायक आर्थर कार आणि त्याचे दोन वेगवान गोलंदाज, हॅरल्ड लारवुड व बिल व्होस, ह्यांच्याशीं त्यानें भोजनाच्या निमित्तानें मसलत केली. लारवुड लहानपणीं कोळशाच्या खाणींत राबलेला मुलगा. क्रिकेटनें त्याला खाणींतून बाहेर काढलें होतें. तो धंदेवाईक होता, आणि त्याचा वेग त्या काळीं जगांत पहिल्या प्रतीचा मानला जाई.

योजना अशी होती. चेंडू वेगानें, आंखूड टप्प्याचा, फलंदाजाच्या अंगाच्या रोखानें टाकावयाचा. लेग बाजूस पांचसहा क्षेत्ररक्षक जवळजवळ उभे करावयाचे. फलंदाजानें अंग वांचविण्यासाठीं बॅट आडवी धरली तर झेल. टोला हाणण्याचा प्रयत्न केला तरी दूर उभ्या असलेल्यांच्या हातीं झेल. कांहींच केलें नाहीं तर छातीवर किंवा खांद्यावर मार. त्या काळीं डोक्यावर शिरस्त्राण नसे. ह्या गोलंदाजीस जार्डिन ‘लेग थिअरी’ म्हणे. ऑस्ट्रेलियन वर्तमानपत्रांनीं तिला ‘बॉडीलाइन’ हें नांव दिलें, आणि तेंच इतिहासांत राहिलें.

१४ जानेवारी १९३३ ला ॲडलेड येथें ठिणगी पडली. लारवुडचा चेंडू ऑस्ट्रेलियाचा नायक बिल वुडफुल ह्याच्या छातीवर, हृदयाच्या जागीं, बसला. वुडफुल कळवळून वांकला. प्रेक्षक संतापानें ओरडूं लागले. तेवढ्यांत जार्डिन लारवुडला म्हणाला, ‘छान टाकलास, हॅरल्ड!’ हे शब्द दुसऱ्या टोकाला उभ्या असलेल्या ब्रॅडमनला ऐकूं जावेत, असा त्यांत हेतु होता, असें म्हणतात. लारवुडच्या पुढच्या षटकाच्या वेळीं क्षेत्ररक्षकांस लेग बाजूस जाण्याची खूण झाली. जखमी माणसावरच हल्ला चढविला जात आहे, असें पाहणाऱ्या हजारोंस वाटलें. दोन दिवसांनीं यष्टिरक्षक ओल्डफील्ड ह्याच्या कवटीस चेंडू लागून ती चिरली. कुंपण ओलांडून लोक आंत शिरतात कीं काय, अशी भीति निर्माण झाली.

आतां न्यायानें पाहावयाचें तर जार्डिनच्या बाजूचा पुरावा लपवितां येत नाहीं. वुडफुलला चेंडू लागला तेव्हां क्षेत्ररक्षण नेहमींचें होतें. ओल्डफील्डला लागला तेव्हांहि तें नेहमींचेंच होतें, आणि चूक आपलीच होती असें स्वतः ओल्डफील्डनें उदार मनानें सांगितलें. मुख्य गोष्ट ही कीं, त्या वेळच्या नियमांत जार्डिननें केलेली एकहि गोष्ट निषिद्ध नव्हती. लेग बाजूस किती माणसें ठेवावीं, चेंडू किती आंखूड टाकावा, ह्यावर नियमांचें पुस्तक मुकें होतें. पुस्तक जेथें गप्प, तेथें करण्यास मोकळीक, असें जार्डिननें धरलें. सॉलिसिटरच्या दृष्टीनें हें बरोबरच.

परंतु खेळ हा करारनामा नव्हे. पुस्तकांत न लिहिलेला असा एक करार दोन्ही बाजूंच्या मनांत असतो, आणि तो मोडला कीं खेळाचें युद्ध होतें. ऑस्ट्रेलियन मंडळानें १८ जानेवारीस लंडनला तार केली व ही गोलंदाजी खिलाडूपणास सोडून आहे, असा शब्द वापरला. त्या एका शब्दानें इंग्लंड दुखावलें. एम. सी. सी. नें २३ जानेवारीस उत्तर दिलें, कीं आमचा आमच्या नायकावर पूर्ण विश्वास आहे. पाहिजे तर उरलेला दौरा रद्द करा. शेवटीं ऑस्ट्रेलियन मंडळानें शब्द मागें घेतला, सामने पुढें चालले, आणि इंग्लंडनें मालिका चार विरुद्ध एक अशी जिंकली. लारवुडनें ३३ बळी घेतले. ब्रॅडमनची सरासरी ५६.५७ वर आली. दुसऱ्या कोणाही फलंदाजास ती भूषणावह वाटली असती. ब्रॅडमनच्या मानानें तो पराभव होता. अशिलाचें काम जार्डिननें तडीस नेलें होतें.

ह्याच दौऱ्यांतील एक गोष्ट फारशी सांगितली जात नाहीं. इंग्लंडच्या संघांत पतौडीचे नबाब इफ्तिखार अली खान होते. सिडनीच्या पहिल्या कसोटींत त्यांनीं शतक केलें. परंतु लेग बाजूच्या त्या सांपळ्यांत उभें राहण्यास त्यांनीं नकार दिला. दुसऱ्या सामन्यानंतर ते संघांत दिसले नाहींत. वेगवान गोलंदाज गबी ॲलन ह्यानेंहि तशी गोलंदाजी करणार नाहीं, असें साफ सांगितलें, आणि तरीहि तो पांचहि सामने खेळला. हे दोघेहि हौशी होते. ‘नाहीं’ म्हणण्याची ऐपत हौशी माणसाजवळ असते. लारवुड व व्होस ह्यांना नायकाचा हुकूम हीच भाकरी होती.

आपण जें दुसऱ्यावर सोडलें, तें आपल्या अंगावर आलें तर जार्डिन काय करील? ह्या प्रश्नाचें उत्तर सहा महिन्यांतच मिळालें. १९३३ च्या जुलैमध्यें मँचेस्टरच्या मैदानावर वेस्ट इंडीजच्या कॉन्स्टंटाइन व मार्टिंडेल ह्या दोघांनीं इंग्लंडवर तीच गोलंदाजी सुरू केली. जार्डिन मागें हटला नाहीं, कुरकुरला नाहीं. उभ्या अंगानें चेंडू सोशीत व अडवीत त्यानें १२७ धांवा काढल्या. कसोटी सामन्यांतील त्याचें हें एकच शतक. त्याच्या शत्रूंनींहि त्या दिवशीं एवढें कबूल केलें, कीं हा माणूस भित्रा नाहीं व दुटप्पीहि नाहीं. मात्र त्याच दिवशीं पुष्कळ इंग्लिश प्रेक्षकांस, आपल्या मैदानावर तें दृश्य पाहून, ऑस्ट्रेलियाची तक्रार प्रथमच समजली.

ह्या पार्श्वभूमीवर तो मुंबईस आला होता. जिमखान्याच्या त्या सामन्यांत इंग्लंड नऊ गडी राखून विजयी झालें. तरी लोकांच्या स्मरणांत राहिला तो पहिलाच कसोटी सामना खेळणारा लाला अमरनाथ. त्यानें दुसऱ्या डावांत ११८ धांवा केल्या. हिंदुस्थानच्या वतीनें काढलेलें तें पहिलें कसोटी शतक. नायडूंबरोबर त्यानें १८६ धांवांची भागी रचली. विजय मर्चंट आणि एल. पी. जय हेहि ह्याच सामन्यांत प्रथम कसोटी खेळले. कलकत्त्याचा सामना अनिर्णित राहिला, आणि मद्रासचा इंग्लंडनें २०२ धांवांनीं जिंकला. मद्रासचा तो सामना जार्डिनचा अखेरचा कसोटी सामना ठरला. २२ कसोटींत १,२९६ धांवा, सरासरी बरोबर ४८. नायक म्हणून १५ सामने, त्यांत ९ विजय व अवघा एक पराभव. असा हिशोब मांडून तो बाजूस झाला.

बाजूस झाला, कीं बाजूस व्हावें लागलें? १९३४ सालीं ऑस्ट्रेलियाचा संघ पुन्हां इंग्लंडांत यावयाचा होता, आणि जुनी मैत्री सांधण्याची एम. सी. सी. ला घाई झाली होती. ज्या अशिलानें दावा लढविण्यास सांगितलें, त्यालाच आतां त्या दाव्याची लाज वाटूं लागली होती. जार्डिननें ओळखलें. ऑस्ट्रेलियाविरुद्ध खेळण्याचा आपला हेतु नाहीं व इच्छाहि नाहीं, असें त्यानें मार्चमध्यें कळवून टाकलें. इकडे लारवुडला, झाल्या प्रकाराबद्दल माफी माग, असें सांगण्यांत आलें. तो म्हणाला, मीं माझ्या नायकाचा हुकूम पाळला, माफी कशाची? तो पुन्हां इंग्लंडकडून कधींहि खेळला नाहीं. शेवटच्या कसोटीच्या वेळीं त्याचें वय होतें अठ्ठावीस.

जार्डिनच्या चरित्रांतील खरा पेंच हा आहे. हुकूम देणारा हौशी होता. त्यानें खेळ सोडला, लग्न केलें, लेखन केलें, नोकऱ्या केल्या. हुकूम पाळणारा धंदेवाईक होता. देशाच्या संघाचा दरवाजा त्याच्यावर बंद झाला, कौंटीचें क्रिकेटहि १९३८ मध्यें संपलें, आणि पुढें त्यानें ब्लॅकपूल येथें मिठाईचें छोटेंसें दुकान चालविलें. जार्डिननें आपल्या गोलंदाजास कधीं दोष दिला नाहीं. योजना माझी, जबाबदारी माझी, हीच त्याची भूमिका शेवटपर्यंत राहिली. लारवुडला त्यानें चांदीची एक रक्षापात्री भेट दिली होती, आणि कृतज्ञ नायकाकडून, अशा अर्थाचे शब्द तीवर कोरविले होते. लारवुडनें ती जन्मभर जपली, व जार्डिनबद्दल त्याच्या तोंडून कधीं वावगा शब्द निघाला नाहीं. परंतु तिजमुळें त्याची गेलेली जागा परत आली नाहीं. नायकाची निष्ठा खरी होती. तिची किंमत मात्र दुसऱ्यानें चुकविली.

पुढें दुसरें महायुद्ध आलें. जार्डिन फौजेंत होता. डंकर्कच्या माघारींतून तो वांचला, आणि नंतर क्वेट्टा व सिमला येथें त्याची नेमणूक झाली. जन्मभूमीच्या भाषेशीं त्याचा येथें पुन्हां संबंध आला. तो सफाईनें हिंदुस्थानी बोलूं लागला. युद्धानंतर त्यानें कागदाच्या एका कंपनींत सेक्रेटरीचें काम केलें. १९५३ सालीं कामानिमित्त तो ऑस्ट्रेलियास गेला, आणि एके काळीं ज्यांनीं त्याच्या नांवानें बोटें मोडलीं, त्यांनींच त्याचें आपुलकीनें स्वागत केलें. लारवुड तर १९५० मध्येंच सहकुटुंब ऑस्ट्रेलियांत जाऊन स्थायिक झाला होता! ज्या देशानें त्याला शिव्या घातल्या, त्याच देशानें त्याला घर दिलें. १९९३ सालीं ब्रिटिश सरकारनें त्याला एम. बी. ई. ही पदवी दिली. साठ वर्षें उशिरानें आलेली ती पावती होती. त्यानंतर दोनच वर्षांनीं तो वारला. जार्डिन इतका जगला नाहीं. १८ जून १९५८ रोजीं, वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षीं, स्वित्झर्लंडांत कर्करोगानें त्याचा अंत झाला, आणि त्याची रक्षा स्कॉटलंडांतील एका डोंगरमाथ्यावर पसरण्यांत आली.

नियमांचें पुस्तक मात्र मुकें राहिलें नाहीं. फलंदाजावर असा थेट हल्ला करण्यास १९३४-३५ च्या सुमारास बंदी आली. पुढें क्षेत्ररक्षकांच्या संख्येवरहि मर्यादा पडली. आज लेग बाजूस, फलंदाजाच्या रेषेच्या मागें, यष्टिरक्षकाखेरीज दोहोंपेक्षां अधिक क्षेत्ररक्षक उभे राहिले, तर पंच ‘नो-बॉल’ पुकारतो. मुंबईच्या आझाद मैदानावर शाळेचीं मुलें खेळत असतां एखादा पंच हात आडवा करून ती घोषणा करतो, तेव्हां ह्या नियमामागें त्याच शहरांतल्या टेकडीवर जन्मलेला एक सॉलिसिटर उभा आहे, हें त्या मुलांस ठाऊक नसतें. आणि १९५३ सालीं इंग्लंडांत क्रिकेट-पंचांची संघटना निघाली, तेव्हां तिचा पहिला अध्यक्ष म्हणून जो गृहस्थ निवडला गेला, त्याचें नांव होतें डग्लस रॉबर्ट जार्डिन.